रणानंतरचा विषाद : तंजावूरचे राजे व्यंकोजी भोसले

श्रीमद्भगवद्गीतेचा आरंभ विषादाने होतो, हे प्रत्येक गीतापाठकास ठाऊक आहे. दोन्ही सैन्यांच्या मध्ये रथ उभा राहिला, समोर आप्तस्वकीय दिसले आणि अर्जुनाच्या हातून गांडीव निसटू लागले. परंतु महाभारतात आणखी एक विषाद आहे व त्याचे स्मरण आपण क्वचितच करतो. तो युद्धापूर्वीचा नसून युद्धानंतरचा आहे. अठरा दिवसांचा संग्राम संपला, विजय मिळाला, सिंहासन मोकळे झाले. आणि नेमक्या त्याच वेळी धर्मराजांचे मन राज्यावरून उडाले. ज्याला शत्रू मानून मारिले तो कर्ण आपलाच ज्येष्ठ बंधू होता, हे कळल्यावर तर त्यांना राजवैभव विषासारखे वाटू लागले. अरण्यात जावे, फळेमुळे खावी व उरलेले आयुष्य मौनात घालवावे, एवढीच इच्छा त्यांच्या ठायी उरली. चौघे भाऊ समजावून थकले, द्रौपदीने कठोर शब्द वापरले, भगवान व्यास आणि साक्षात् श्रीकृष्ण यांनी उपदेश केला. आणि शेवटी शरशय्येवर पडलेल्या भीष्मांच्या सन्निध बसून राजधर्म ऐकावा लागला, तेव्हा कोठे ते मन हळूहळू कर्तव्याच्या मार्गावर आले.

यावरून एक गोष्ट स्पष्ट होते. योद्ध्याचे शरीर ज्या दिवशी घरी परतते त्याच दिवशी त्याचे मनही परतते, असा नियम नाही. शरीर शिबिरातून निघून चार मुक्कामांत घर गाठते. मनाची वाट मात्र लांबची असते. अशा एका मनाची कथा मराठ्यांच्या इतिहासात नोंदली गेली आहे. ती कथा श्रीशिवछत्रपतींचे सापत्न बंधू आणि तंजावूरच्या मराठी राज्याचे संस्थापक राजे व्यंकोजी, म्हणजेच एकोजी भोसले, यांची होय.

व्यंकोजीराजे हे शहाजीराजांचे तुकाबाई मोहिते यांच्यापासून झालेले पुत्र. 1636 मध्ये निजामशाही बुडाल्यानंतर शहाजीराजे आदिलशाहीच्या सेवेत आले व त्यांची रवानगी कर्नाटकात झाली. बंगळूर हे त्यांचे मुख्य ठाणे झाले. जिजाबाईसाहेब व बाल शिवबा पुण्याच्या जहागिरीत राहिले. व्यंकोजी मात्र पित्याच्या छायेत, कर्नाटकाच्या भूमीत वाढले. त्यामुळे एकाच पित्याचे हे दोन पुत्र दोन भिन्न जगांत लहानाचे मोठे झाले. एकाने सह्याद्रीच्या आश्रयाने स्वतंत्र राज्याचा संकल्प सोडला. दुसऱ्याने पित्याप्रमाणे बादशाही सेवेत राहून पराक्रम गाजविण्याचा मार्ग धरिला. शहाजीराजांच्या आयुष्यातील चढउतार व्यंकोजींनी लहानपणापासून जवळून पाहिले होते. 1648 मध्ये शहाजीराजांना जिंजीच्या परिसरात कैद करण्यात आले व पुढील वर्षी त्यांची सुटका झाली. मानहानी सोसूनही ते पुन्हा घोड्यावर बसले आणि अखेरपर्यंत कार्यरत राहिले. 1664 च्या जानेवारीत होदिगेरे येथे शिकारीच्या प्रसंगी घोड्यावरून पडून त्यांचा अंत झाला. पित्याची कर्नाटकातील जहागीर, त्यांचे जुने सेवक व त्यांचा लौकिक हे सर्व व्यंकोजींच्या हाती आले. पुढे या कथेत पित्याचे स्मरण फार मोठे काम करणार आहे, म्हणून एवढा तपशील ध्यानात ठेवावा.

त्या काळी तंजावूरचे राज्य नायक घराण्याकडे होते. 1673 मध्ये मदुरेच्या चोक्कनाथ नायकाने तंजावूरवर स्वारी केली. वृद्ध विजयराघव नायक लढता लढता पडला. आणि शत्रूच्या हाती पडू नये म्हणून त्याच्या आज्ञेने राजवाड्यातील अंतःपुर सुरुंगाच्या दारूने उडवून देण्यात आले, असे वृत्तान्त सांगतात. चोक्कनाथाने आपला बंधू अळगिरी यास तेथे नेमिले. विजयराघवाच्या वंशातील चेंगमलदास नावाच्या कुमाराच्या पक्षाने विजापूरकरांकडे साहाय्य मागितले व आदिलशहाने व्यंकोजीराजांना धाडिले. त्यांनी अळगिरीचा पराभव केला आणि 1675-76 च्या सुमारास तंजावूरची सत्ता स्वतःच्याच हाती घेतली. अशा रीतीने कावेरीच्या सुपीक खोऱ्यात एका मराठी राज्याची स्थापना झाली.

ज्या राजवाड्यात राजे राहावयास गेले तो राजवाडा नायकांनी सोळाव्या शतकापासून बांधीत आणिला होता. त्याच्या भिंतींना नुकत्याच झालेल्या संहाराची आठवण होती. परंतु नव्या राजाने त्या आठवणीत बुडून न राहता प्रथम पाण्याकडे लक्ष दिले. त्या वेळी त्या प्रांतात वावरणाऱ्या आंद्रे फ्रेइर नामक ख्रिस्ती धर्मोपदेशकाने 1676 मध्ये लिहिलेल्या पत्रात असा अभिप्राय नोंदविला आहे की, नव्या राजाच्या न्यायी व शहाण्या कारभारामुळे मागील राजवटीच्या जखमा भरून येऊ लागल्या आहेत, कालवे व तलाव दुरुस्त झाले आहेत आणि अनेक वर्षे पडीक राहिलेल्या शेतांत भरघोस पीक आले आहे. परधर्मीय व परकीय माणसाने दिलेली ही साक्ष महत्त्वाची आहे. कारण पुढे ज्या राजाविषयी उदासीनतेची वार्ता ऐकावयाची आहे, तो स्वभावाने आळशी किंवा कर्तव्यशून्य नव्हता, हे तिच्यावरून सिद्ध होते. ज्या हातांनी कालवे वाहते केले तेच हात पुढे स्तब्ध झाले. मध्ये काय घडले, हाच खरा प्रश्न आहे.

मध्ये घडले ते युद्ध; आणि तेही भावाभावांतील युद्ध.

शहाजीराजांचे जुने व विश्वासू कारभारी रघुनाथ नारायण हणमंते हे व्यंकोजींच्या दरबारात होते. राजांशी मतभेद झाल्यामुळे ते तेथून निघाले आणि गोवळकोंड्याच्या मार्गाने श्रीशिवछत्रपतींना येऊन मिळाले. 1677 मध्ये महाराजांनी दक्षिणदिग्विजयासाठी कर्नाटकात प्रवेश केला. जिंजीचा अभेद्य दुर्ग घेतला, शेरखान लोदीचा पराभव केला आणि जुलै महिन्यात कोळ्ळिडम नदीच्या उत्तर तीरावर तिरुमळवाडी येथे तळ दिला. तंजावूर तेथून फार दूर नव्हते. महाराजांनी धाकट्या बंधूंना भेटीस बोलाविले. भेट झाली, काही दिवस सहवास घडला. परंतु वाटणीचा विषय निघताच प्रेमाला गाठ पडली. महाराजांचे म्हणणे असे की, पित्याच्या मिळकतीत ज्येष्ठ पुत्राचा अर्धा भाग धर्मशास्त्राने सिद्ध आहे. व्यंकोजींची बाजू अशी की, जहागीर बादशहाच्या सेवेने टिकली आहे आणि तंजावूर तर आपण स्वतःच्या तरवारीने मिळविले आहे. दोन्ही पक्षांना आपापला न्याय होता, आणि म्हणूनच तो तंटा सहजी मिटणारा नव्हता. एके रात्री व्यंकोजी कोणास न कळविता तळ सोडून निघाले व तराफ्यावरून नदी ओलांडून तंजावुरास गेले.

महाराजांनी त्यांचा पाठलाग केला नाही. कोळ्ळिडमच्या उत्तरेकडील मुलूख त्यांनी आपल्या ताब्यात घेतला, त्याच्या रक्षणासाठी आपले दुसरे सापत्न बंधू संताजी भोसले, सेनापती हंबीरराव मोहिते व रघुनाथपंत यांना ठेविले आणि ते परत फिरले. ज्येष्ठ बंधू दूर गेल्याचे पाहून व्यंकोजींनी नोव्हेंबर 1677 मध्ये नदी ओलांडून त्या सैन्यावर चढाई केली. वालिकोंडपुरमच्या परिसरात मोठी लढाई झाली. समकालीन युरोपियन वृत्तान्तांवरून दिसते की, दिवसाच्या लढाईत व्यंकोजींची सरशी झाली होती. संताजींचे सैन्य मागे हटले. दिवसभराच्या श्रमाने थकलेले विजयी वीर खोगिरे उतरवून विसावले, आणि त्याच रात्री पराभवाने लज्जित झालेल्या संताजींनी सैन्य पुन्हा जमवून त्यांच्या तळावर छापा घातला. सूर्यास्ताच्या वेळी जे जेते होते ते सूर्योदयाच्या आत पराभूत झाले. व्यंकोजींचे प्रमुख सरदार बंदी झाले आणि राजे स्वतः उरलेल्या लोकांसह तंजावुराकडे वळले.

या एका रात्रीचा विचार थोडा थांबून केला पाहिजे. पराजय हा क्षत्रियास अपरिचित नसतो. परंतु विजयाच्या निश्चिंत झोपेतून पराजयात जागे होणे, ही निराळी गोष्ट आहे. ज्यांच्यावर शस्त्र धरिले ते परके नव्हते. शत्रुसैन्याचा एक नायक पित्याचाच पुत्र होता, दुसरा सल्लागार पित्याच्याच अन्नावर वाढलेला वृद्ध सेवक होता आणि ज्याच्या नावाने ते लढत होते तो ज्येष्ठ बंधू होता. दोन्ही तळांत मराठी बोलणारीच माणसे पडली. कुरुक्षेत्रावर अर्जुनाने जे युद्धापूर्वी पाहिले, ते व्यंकोजीराजांना युद्धानंतर दिसले.

आता लक्षात घेण्यासारखी गोष्ट ही की, या पराभवानंतर त्यांचे काहीही हिरावून घेण्यात आले नाही. बखरी सांगतात की, लढाईची वार्ता कळताच महाराजांनी आपल्या सरदारांस आज्ञा केली की, व्यंकोजी हे आपले धाकटे बंधू आहेत, त्यांच्या हातून पोरपण घडले असले तरी त्यांचा नाश करू नये व त्यांचे राज्य बुडवू नये. इकडे व्यंकोजींच्या सुज्ञ पत्नी दीपाबाई यांनी पतीस समेटाचा मार्ग दाखविला. भावाशी वैर धरण्यापेक्षा त्यांच्याशी सरळ बोलावे आणि पित्याच्या वेळच्या रघुनाथपंतांना पुन्हा जवळ करावे, हा त्यांचा सल्ला होता, असे परंपरा मानते. बोलणी झाली व एकोणीस कलमांचा तह ठरला. तंजावूरचे राज्य व्यंकोजींकडेच राहिले. बंगळूर व त्याच्या आसपासची ठाणी महाराजांनी आपल्या भावजयीस चोळीबांगडीसाठी, म्हणजे स्त्रीधन म्हणून, दिली. जेत्याने जिंकलेला प्रदेश पराभूताच्या घरात स्त्रीधनाच्या रूपाने परत पाठवावा, हे औदार्य तर आहेच; परंतु त्यात मनुष्यस्वभावाचे सूक्ष्म ज्ञानही आहे. दान म्हणून दिले असते तर मानी पुरुषास ते टोचले असते. भावजयीच्या ओटीत घातलेली वस्तू घेताना कोणाचीही मान खाली होत नाही.

अशा प्रकारे युद्ध संपले, तह झाला, राज्य राहिले, घर सावरले. लौकिक दृष्टीने पाहता आता दुःखाचे कारण उरले नव्हते. आणि तरीही याच काळात राजांच्या मनाने सर्व व्यवहारांतून अंग काढून घेतले.

रघुनाथपंत आता तंजावूरच्या कारभारात होते. त्यांनी राजांची अवस्था रायगडास कळविली. महाराजांनी ती वार्ता ऐकून बंधूस एक पत्र धाडिले. इतिहासकार ते सामान्यतः 1680 च्या आरंभीचे मानतात. म्हणजे 3 एप्रिल 1680 रोजी महाराजांनी देह ठेवला, त्याच्या थोडे आधीचे. त्या पत्रावरून व्यंकोजींच्या स्थितीचे जे चित्र उभे राहते ते कोणाही सहृदय वाचकास अस्वस्थ करील. राजांनी स्वतःच्या शरीराची निगा राखणे सोडले होते. सणवार आणि उत्सव पूर्वीप्रमाणे होत नव्हते. सैन्य होते, पण त्यास काम नव्हते. सेवक होते, पण त्यांच्याकडे कोणाचे लक्ष नव्हते. कोणत्याही उद्योगात मन लागत नव्हते. राज्याचे काय व्हावयाचे ते होवो, आपण एखाद्या तीर्थक्षेत्री जाऊन बसावे आणि काळ कंठावा, अशा वैराग्याच्या गोष्टी त्यांच्या तोंडी येऊ लागल्या होत्या.

महाराजांनी या पत्रात बंधूस दोन प्रकारे हात दिला. प्रथम त्यांनी पित्याचे स्मरण करून दिले. शहाजीराजांवर किती कठीण प्रसंग आले, किती वेळा सर्वस्व जाण्याची वेळ आली, तरी त्यांनी धीर न सोडता पुन्हा नवे वैभव उभे केले. त्यांच्या सहवासात वाढलेल्या पुत्राने ते सर्व डोळ्यांनी पाहिले आहे. मग थोड्या अपयशाने एवढी विरक्ती का यावी? आणि दुसरे असे की, त्यांनी वैराग्याची निंदा केली नाही. वैराग्य उतारवयात करावे, तेव्हा ते जितके कराल तितके थोडेच. आज मात्र उद्योगाचे दिवस आहेत, सैन्य रिकामे न ठेवता त्याच्याकडून कार्य घ्यावे, रघुनाथपंतांसारख्या वडिलांच्या वेळच्या माणसाच्या सल्ल्याने चालावे व कीर्ती संपादन करावी, असा त्या पत्राचा आशय आहे. यात राजकारण नव्हते असे म्हणता येणार नाही. दक्षिणेतील स्वराज्याची सीमा तंजावुरास भिडलेली होती आणि तेथील राजा खंबीर असणे महाराजांच्या हिताचे होते. तथापि राजकारणासाठी लिहिलेल्या पत्रात भावाच्या जेवणाखाण्याची आणि सणावारांची चौकशी असण्याचे कारण नसते. ती चौकशी प्रेमच करू शकते.

गीतेच्या उपासकाला या पत्रात ओळखीचा सूर ऐकू येईल. अर्जुनानेही गुरुजनांस मारून राज्य भोगण्यापेक्षा भिक्षा मागून जगणे बरे, असे म्हटले होते. वरवर पाहता ते वचन वैराग्याचे वाटते. भगवंतांनी मात्र त्यास वैराग्य मानिले नाही. त्यास हृदयाचे दौर्बल्य म्हटले. पुढे अठराव्या अध्यायात त्यागाचे तीन प्रकार सांगितले आहेत. मोहामुळे नियत कर्म सोडणे हा तामस त्याग. शरीरास क्लेश होतील या भयाने सोडणे हा राजस त्याग. आणि कर्म करीत राहून केवळ आसक्ती व फळ सोडणे हा सात्त्विक त्याग. तिसऱ्या अध्यायात तर असे बजाविले आहे की, हात थांबवून बसलेल्या मनुष्याचे मन जर त्याच त्या विषयांभोवती फिरत असेल तर तो निवृत्त झाला असे होत नाही. रणातून परतलेल्या योद्ध्याचे मौन पुष्कळदा असेच असते. बाहेरून तो शांत दिसतो. लोकांस वाटते, यास विरक्ती आली. परंतु आत ती एकच रात्र पुनःपुन्हा उगवत असते. खरे वैराग्य मनुष्यास मोकळे करते. अशा मनुष्यास दुसऱ्याचे दुःख अधिक स्पष्ट दिसू लागते. विषादातून आलेली उदासीनता मात्र त्यास कोंडून ठेवते. दोघांचे वस्त्र एकच असते, म्हणून ओळखण्यात चूक होते.

परंतु येथेच दुसरी एक चूक टाळली पाहिजे. गीतेने विषादाला दौर्बल्य म्हटले, म्हणून विषण्ण मनुष्यास दुर्बळ म्हणून हिणवावे, असा त्याचा अर्थ नव्हे. भगवंतांनी अर्जुनाची कानउघाडणी दोन श्लोकांपुरती केली आणि नंतर अठराव्या अध्यायापर्यंत ते त्याच्याजवळ बसून बोलत राहिले. त्यांनी त्याचे प्रश्न ऐकले, त्याच त्या शंकांना निरनिराळ्या प्रकारे उत्तरे दिली आणि अखेरीस निर्णय त्याच्यावर सोपविला. रथाचे वेग हाती ठेवूनही ते सखा राहिले. व्यंकोजीराजांच्या बाबतीतही केवळ एका पत्रातील उपदेश पाहून चालणार नाही. त्या उपदेशामागे काय काय उभे होते ते पाहावे. ज्याने जिंकले त्यानेच अपमान होऊ दिला नाही. पत्नीने समेटाचे दार उघडले. वृद्ध सेवकाने जुना रोष विसरून राजांची अवस्था वेळेवर कळविली. ज्येष्ठ बंधूने दोष न उगाळता पित्याची आठवण दिली, आणि करावयास काम दिले. एवढे सर्व भोवती असते तेव्हाच उपदेशाचा शब्द मनापर्यंत पोहोचतो. ते नसेल तर तोच शब्द दगडासारखा लागतो.

या पत्रातील सैन्याविषयीची सूचनाही विचार करण्यासारखी आहे. राजाचे औदासीन्य राजापुरते राहत नाही. वालिकोंडपुरमच्या रात्रीतून वाचलेले शिपाईही तंजावुरास परतले होते. त्यांच्या मनातील ओझे कोणत्याही बखरीने लिहून ठेविले नाही. परंतु ज्या सैन्यास काम नाही, ज्याचा स्वामी समोर येत नाही, ज्याच्या पराक्रमाची वा दुःखाची दखल कोणी घेत नाही, त्या सैन्यातील प्रत्येक मनुष्य एकटा पडतो. सैन्य रिकामे ठेवू नये, या सूचनेत खर्चाचा हिशेब आहेच. पण तिच्या पोटी हेही सत्य आहे की, सोबतीने केलेले कर्म हाच पुष्कळ जखमांचा लेप असतो.

व्यंकोजीराजे तीर्थक्षेत्री जाऊन बसले नाहीत. 1684 च्या सुमारास त्यांचे पुत्र शहाजीराजे गादीवर आले, तोपर्यंत तंजावूरचे राज्य त्यांच्याच नावाने चालले. भक्तीचा मार्गही त्यांच्या राज्यास पारखा झाला नाही. समर्थ रामदासस्वामींच्या संप्रदायाचा तंजावुराशी याच पिढीत संबंध जडला. समर्थशिष्य भीमस्वामींचा मठ तेथे झाला. आणि सज्जनगडावरील श्रीराम, सीता व लक्ष्मण यांच्या मूर्ती तंजावुरात घडून तेथून आल्या, असे रामदासी परंपरा सांगते. ज्या मनाने राज्य टाकून देवाकडे पळावयाचे ठरविले होते, त्याच मनाच्या राज्यातून देव सह्याद्रीवर गेले, ही घटना गीतेच्या दृष्टीने फार बोलकी आहे. संसार टाकून केलेल्या भक्तीपेक्षा कर्तव्यात राहून केलेली भक्ती लोकांच्या अधिक उपयोगी पडते.

पुढे शहाजी, सरफोजी आणि तुकोजी या व्यंकोजींच्या तिन्ही पुत्रांनी क्रमाने तंजावुरास राज्य केले. शहाजीराजांच्या कारकिर्दीत मराठी, तेलुगू व संस्कृत विद्येचा तेथे उत्कर्ष झाला. राजवाड्यात मराठी नाटके रचली गेली. त्याच वंशातील दुसरे सरफोजीराजे यांनी राजवाड्यातील सरस्वती महाल ग्रंथालयास मोठे रूप दिले. तेथे आजही मराठी हस्तलिखिते व मोडी कागद जतन केलेले आहेत. 1803 मध्ये याच सरफोजीराजांनी भोसले वंशाचे चरित्र बृहदीश्वराच्या प्रांगणातील भिंतीवर मराठीत कोरवून घेतले. कावेरीच्या काठी, चोळांच्या देवालयात, पाषाणावर मराठी अक्षरे उमटली. 1855 पर्यंत त्या घराण्याचे नाव तंजावुरात नांदले. एका खिन्न राजास वेळेवर सावरले गेले, त्याची ही फळे आहेत, असे म्हटल्यास अतिशयोक्ती होणार नाही. 1680 मध्ये तो राजा उठून गेला असता, तर पुढील पावणेदोनशे वर्षांचा तंजावूरचा इतिहास निराळा झाला असता.

तीनशे वर्षांपूर्वीच्या राजाच्या मनास आजच्या वैद्यकाचे एखादे नाव चिकटविणे योग्य नव्हे. तथापि रणोत्तर विषाद हा रोगासारखा प्रत्यक्ष असतो, हे आता जगाने मान्य केले आहे. 1914 ते 1918 या पहिल्या महायुद्धात तोफांच्या माऱ्यातून परतलेले सैनिक थरथरत, मुके होत, झोपेतून किंचाळून उठत. डॉक्टरांनी त्या अवस्थेस शेल शॉक असे नाव दिले. पण पुष्कळ अधिकाऱ्यांना तो भित्रेपणा वाटला. ब्रिटिश सैन्यात रण सोडल्याच्या किंवा भ्याडपणाच्या आरोपाखाली काहींना आपल्याच लोकांच्या गोळ्यांनी देहान्त शिक्षा झाली. अशा 306 सैनिकांना ब्रिटनने 2006 मध्ये मरणोत्तर क्षमा केली. तोपर्यंत नव्वद वर्षे लोटली होती. 1980 मध्ये अमेरिकेतील मनोरोगतज्ज्ञांनी आघातानंतर उद्भवणाऱ्या या विकारास आपल्या अधिकृत रोगसूचीत स्थान दिले. ज्या गोष्टीस पाश्चात्य जगाने विसाव्या शतकात नाव दिले, ती व्यासांनी शांतिपर्वात वर्णिली होती, आणि रायगडावरील एका ज्येष्ठ बंधूने ती पत्रातून ओळखली होती.

गृहस्थाश्रमी वाचकास या चरित्रातून घेण्यासारखे पुष्कळ आहे. आपल्या देशात असे गाव विरळा, ज्यातील एखादा पुत्र सीमेवर गेला नाही. तो घरी येतो तेव्हा त्याच्या गळ्यात हार पडतात, आरती होते, पेढे वाटले जातात. पण हार सुकल्यावर तो कसा आहे, हे पाहणारे कोणी असावे लागते. तो जेवणावर लक्ष देत नसेल, सणाच्या दिवशी कोपऱ्यात बसत असेल, रात्री जागा राहत असेल, पूर्वीची कामे टाळीत असेल, तर त्यास गर्व झाला असे समजू नये. आळस आला असे म्हणू नये. आणि याला वैराग्य आले म्हणून त्याची वाखाणणीही करू नये. दीपाबाईंप्रमाणे घरातील कोणी त्याच्याशी मोकळेपणाने बोलावे. रघुनाथपंतांप्रमाणे कोणी वेळेवर वडीलधाऱ्यांस कळवावे. महाराजांप्रमाणे कोणी त्याचा मान राखून त्याच्या हाती पुन्हा काम द्यावे. आणि दुःख खोल असेल तर डॉक्टरांकडे नेण्यात संकोच मानू नये. ज्वरासाठी औषध घेणारा मनुष्य जसा अभक्त ठरत नाही, तसा मनाच्या आघातासाठी उपचार घेणारा सैनिकही भ्याड ठरत नाही.

आपणच आपला उद्धार करावा, हा गीतेचा आदेश खरा आहे. परंतु तो आदेश अर्जुनाने एकट्याने ऐकला नाही. तो ऐकत असताना त्याच्या रथावर भगवान बसलेले होते. ज्याचे मन रणातून अजून परतलेले नाही, त्याच्या रथावर त्याच्या शेजारी बसणे, हे त्याच्या आप्तांचे पहिले कर्तव्य होय.